जिल्हा ग्राहक आयोगाचा निकाल विरोधात गेला, आता पुढे? सांगली-साताऱ्याच्या ग्राहकांसाठी अपिलाची वाट

ग्राहक आयोगात निकाल विरोधात गेला की माणसे साधारणपणे दोनपैकी एक करतात. काहीजण 'जाऊ दे, नशिबात नव्हतं' म्हणून फाइल कपाटात टाकतात. काहीजण चहाच्या टपरीवर कोणीतरी सांगितले म्हणून 'आता थेट हायकोर्ट' असे ठरवून मोकळे होतात. पहिल्यांची मुदत वाया जाते. दुसऱ्यांची मुदतही जाते आणि पैसाही. पतसंस्थेत ठेव अडकलेले निवृत्त शिक्षक, महापुराच्या विम्याचा दावा नाकारला गेलेले व्यापारी, बियाणे उगवले नाही म्हणून तक्रार केलेले शेतकरी, वर्षानुवर्षे फ्लॅटचा ताबा न मिळालेले लोक यांना डोळ्यांपुढे ठेवून हे लिहितो आहे. तुमचा वकील कितीही चांगला असला तरी हे सगळे तुम्हाला स्वतःला माहीत हवे. मुदत चुकली तर भोगावे लागते ते पक्षकारालाच.

निकालपत्र हातात आल्यावर

सगळ्यात आधी तारखा बघा. निकाल कधी झाला, नक्कल कधी तयार झाली आणि ती तुम्हाला कधी मिळाली, या तिन्ही तारखा एका कागदावर लिहून तो फाइलच्या पहिल्या पानावर लावा. निकालाची प्रत आयोगाकडून विनामूल्य मिळते. टपालाने आली असेल तर पाकीट फेकू नका, त्यावरचा शिक्का पुढे पुरावा म्हणून लागतो.

जिल्हा आयोगाच्या निकालाविरुद्ध राज्य आयोगाकडे अपील करायला ४५ दिवस मिळतात. ही तरतूद ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ च्या कलम ४१ मध्ये आहे. मुदत मोजायची ती आदेशाच्या तारखेपासून. नक्कल उशिरा मिळाली हे विलंबाचे कारण म्हणून सांगता येते, पण त्याच्या भरवशावर राहू नका. निकाल १ जूनचा असेल तर १६ जुलै ही शेवटची तारीख धरा आणि कागद जुलैच्या पहिल्या आठवड्यातच दाखल करा.

आता निकालपत्र नीट वाचायला घ्या. आपल्याकडच्या निकालपत्रांत विरुद्ध बाजूला बहुतेक वेळा 'जाबदार' म्हटलेले असते. आधी तक्रारीची थोडक्यात हकीकत येते, मग जाबदारांचे म्हणणे, मग मुद्दे आणि त्यांसमोर 'होय', 'नाही' किंवा 'अंतिम आदेशाप्रमाणे' अशी उत्तरे. त्यानंतर कारणमीमांसा आणि शेवटी आदेश. बहुतेक लोक फक्त शेवटचा आदेश वाचतात. तुम्हाला मात्र मुद्द्यांचा तक्ता आणि कारणमीमांसा वाचायची आहे, हातात पेन्सिल घेऊन. कोणत्या मुद्द्यावर आपण हरलो? आपण ग्राहकच नाही असे म्हटले आहे, तक्रार दोन वर्षांच्या मुदतीत नाही असे म्हटले आहे, की सेवेत त्रुटी सिद्ध झाली नाही असे? या तिन्ही हरण्यांना वेगवेगळी उत्तरे द्यावी लागतात.

समजा, सांगलीच्या एका व्यापाऱ्याच्या गोदामात ऑगस्ट २०१९ च्या महापुरात पाणी शिरले आणि विमा कंपनीने दावा नाकारला. जिल्हा आयोगाने तक्रार फेटाळताना परिच्छेद ११ मध्ये लिहिले, 'तक्रारदाराने साठ्याबाबत पुरावा दाखल केलेला नाही.' फाइल उघडल्यावर दिसते की नि. ५ (नि. म्हणजे निशाणी, फाइलमधल्या कागदाला आयोगाने दिलेला क्रमांक) च्या कागदयादीत तिसऱ्या क्रमांकाला बँकेला दिलेले स्टॉक स्टेटमेंट आहे आणि चौथ्याला जीएसटीची विवरणपत्रे. अपिलाचा पहिला मुद्दा तयार झाला: परिच्छेद ११ मधील निष्कर्ष नि. ५/३ व नि. ५/४ विचारात न घेता काढलेला आहे. पाणी किती फूट चढले, पोती कशी भिजली, सर्व्हेअर किती उशिरा आला, ही सगळी कहाणी तुमच्या तक्रारीत आधीच आहे. अपिलात ती पुन्हा लिहून पाने भरू नका. राज्य आयोगाला निकालातली चूक दाखवायची असते, आणि ती परिच्छेद क्रमांक व निशाणी क्रमांक देऊन दाखवली तरच लक्षात घेतली जाते.

त्याच व्यापाऱ्याला 'तुम्ही व्यापारी, म्हणून ग्राहक नाही' असे सांगून परत पाठवले असेल तरी त्याने हताश होऊ नये. धंद्यासाठी घेतलेली विमा पॉलिसी नुकसानभरपाईसाठी असते, तिच्यातून नफा कमवायचा नसतो. त्यामुळे केवळ व्यापारी आहे म्हणून विमाधारकाचा ग्राहक हक्क जात नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने हरसोलिया मोटर्सच्या प्रकरणात २०२३ मध्ये सांगितले आहे. निकृष्ट बियाण्यांची तक्रार करणारा शेतकरी ग्राहक आहे, हेही २०१२ मध्ये नॅशनल सीड्स कॉर्पोरेशनच्या प्रकरणात ठरलेले आहे. पेरणी व्यापारी हेतूने केली होती, असा बचाव बियाणे कंपन्या आजही घेतात. तो निकालपत्रात मान्य झाला असेल तर अपिलाला भक्कम जागा आहे.

अपिलाआधी हे तपासा

चूक अगदी वरवरची असेल, म्हणजे व्याजाचा दर टंकलेखनात चुकला, बेरीज चुकली किंवा एका जाबदाराचे नाव आदेशात राहून गेले, तर त्याच जिल्हा आयोगाकडे कलम ४० खाली ३० दिवसांच्या आत पुनर्विलोकनाचा अर्ज करता येतो. आदेशावर नजर टाकताच दिसणारी चूक एवढीच त्याची मर्यादा आहे. आयोगाचे मत चुकले असे म्हणायचे असेल तर हा अर्ज कामाचा नाही. शिवाय पुनर्विलोकनाचा अर्ज दिला म्हणून अपिलाचे ४५ दिवस थांबतात, असे समजू नका.

एकतर्फी निकाल झाला असेल किंवा तारखेला गैरहजर राहिल्यामुळे तक्रार काढून टाकली असेल तर काय? जतहून किंवा माणमधून येणाऱ्या माणसाची एसटी चुकते, तारीख चुकते आणि प्रकरण निकाली निघते. मग तो त्याच आयोगापुढे हात जोडून उभा राहतो, 'साहेब, परत चालू करा.' जिल्हा आयोगाला स्वतःचा असा आदेश मागे घ्यायचा अधिकार नाही. राजीव हितेंद्र पाठक प्रकरणात २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले आहे. अशा अर्जांवर महिने घालवू नका, थेट राज्य आयोगात अपील करा. गैरहजेरीचे कारण खरे असेल आणि कागदाने दाखवता येत असेल तर प्रकरण पुन्हा ऐकण्यासाठी जिल्ह्याकडे परत पाठवले जाऊ शकते.

मध्यस्थीतून तडजोड होऊन आदेश झाला असेल तर त्यावर अपील नाही. म्हणून तडजोडीच्या कागदावर सही करण्यापूर्वी तो घरी नेऊन वाचा.

अपिलाची फाइल

अपील मेमो (म्हणजे अपिलाचे मुद्दे मांडणारा मुख्य अर्ज), निकालाची प्रमाणित प्रत, मूळ तक्रार, जाबदारांचे म्हणणे, दोन्ही बाजूंची पुरावा शपथपत्रे, कागदयादीसह सगळे कागद, आणि रोजनाम्याची नक्कल. रोजनामा बहुतेकजण विसरतात. कोणत्या तारखेला कोण हजर होते, कोणी मुदत मागितली, तुमचा अर्ज घेतला की नाही, हे सगळे त्यातच असते. 'आमचे ऐकूनच घेतले नाही' असे म्हणायचे असेल तर रोजनाम्यावाचून ते सिद्ध होत नाही. निकाल लागला त्याच आठवड्यात नकलेचा अर्ज देऊन टाका.

मुदत गेलीच असेल तर विलंब माफीचा अर्ज आणि शपथपत्र जोडावे लागते. पुरेसे कारण असेल तर राज्य आयोग ४५ दिवसांनंतरही अपील घेऊ शकतो. पण ग्राहक कायदा झटपट न्यायासाठी आहे, म्हणून इथे विलंबाकडे कडक नजरेने बघितले जाते, आणि सर्वोच्च न्यायालयानेही तसेच बजावले आहे. 'आजारी होतो' या दोन शब्दांवर भागत नाही. दवाखान्यात कधी दाखल झालो, कधी घरी आलो, नक्कल कधी मिळाली, वकिलांकडे कधी गेलो, हे तारीखवार लिहा आणि प्रत्येक तारखेला कागद जोडा. मधले पंधरा दिवस कोरे राहिले तर विरुद्ध वकील नेमका त्याच पंधरा दिवसांवर बोट ठेवतो.

अपील ऑनलाइनही दाखल करता येते. आधी त्यासाठी ई-दाखिल हे पोर्टल होते, १ जानेवारी २०२५ पासून ई-जागृती आले आहे. स्कॅन केलेली पाने सरळ आणि वाचता येतील अशी ठेवा. राज्य आयोगाचे मुख्य कार्यालय मुंबईत आहे. आपल्या जिल्ह्याचे अपील कोणत्या पीठापुढे लागेल, हे दाखल करताना निबंधक कार्यालयात विचारून घ्या. वकील लावलाच पाहिजे असे बंधन नाही, स्वतः उभे राहता येते. स्वतः उभे राहणार असाल तर दोन पानांचा लेखी युक्तिवाद तयार ठेवा, बोलताना गडबड झाली तरी तो फाइलमध्ये राहतो.

पैसे भरायचे कोणी?

यावरून फार गोंधळ होतो. ज्याला आदेशाप्रमाणे पैसे द्यायचे आहेत त्यानेच अपील करताना त्या रकमेच्या ५० टक्के भरायचे असतात. तक्रार फेटाळली गेलेल्या किंवा कमी रक्कम मिळालेल्या तक्रारदाराला ही अट लागू नाही, कारण तो कोणाला काही देणे लागत नाही. गावात 'अपिलाला निम्मे पैसे भरावे लागतात' असे ऐकून घाबरून मागे फिरलेल्या ठेवीदार बाईंना मी हेच समजावून सांगितले होते.

हा लेख वाचणारा छोटा दुकानदार किंवा कंत्राटदार असेल आणि निकाल त्याच्याविरुद्ध असेल तर त्याने ५० टक्क्यांची तजवीज आधी करावी. ही रक्कम भरल्याशिवाय अपील विचारातच घेतले जात नाही आणि त्यात सूट मिळत नाही. स्थगिती हा पुन्हा वेगळा विषय. अपील दाखल झाले म्हणून आदेश आपोआप थांबत नाही, त्यासाठी स्थगितीचा स्वतंत्र अर्ज लागतो आणि स्थगिती देताना आयोग आणखी रक्कम भरायची अट घालू शकतो. मूळ तक्रार २० जुलै २०२० पूर्वी दाखल झालेली असेल तर मात्र रक्कम भरण्याबाबत १९८६ च्या जुन्या कायद्याची अट चालते: निम्मी रक्कम किंवा २५ हजार रुपये, यांत जे कमी असेल ते. जुन्या तक्रारींचे निकाल अजूनही लागतात, म्हणून तक्रारीचा दाखल दिनांक बघायला विसरू नका.

अर्धवट जिंकलेल्या तक्रारदारांसाठी एक गोष्ट. मुद्दल मिळाले पण व्याज आणि मानसिक त्रासाची भरपाई नाकारली, आणि विरुद्ध पक्ष अपिलात गेला, की अनेकजण म्हणतात, 'तिथेच मागून घेऊ.' तसे करू नका. वाढीव मागणी असेल तर स्वतःचे अपील ४५ दिवसांत स्वतंत्र दाखल करा.

राज्य आयोगानंतर

राज्य आयोगाने अपिलात दिलेल्या निकालाविरुद्ध दिल्लीला राष्ट्रीय आयोगात दुसरे अपील करता येते, पण त्यात कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असावा लागतो आणि तो प्रश्न अपील मेमोत नेमक्या शब्दांत मांडावा लागतो. त्याची मुदत ३० दिवस. दुसरा मार्ग कलम ५८ खालच्या पुनरीक्षणाचा. राज्य आयोगाने नसलेला अधिकार वापरला, असलेला वापरला नाही, किंवा बेकायदा वागला, एवढ्यापुरताच तो खुला आहे. दोन्ही आयोगांनी पुरावा बघून एकच मत दिले असेल तर दिल्लीला जाण्यापूर्वी खर्चाचा विचार शांतपणे करा. पुरावा तिसऱ्यांदा तोलायला राष्ट्रीय आयोग सहसा तयार होत नाही.

उच्च न्यायालय नेमके कधी?

राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ आणि २२७ खाली उच्च न्यायालयाचा अधिकार मोठा आहे, तो कोणताही कायदा काढून घेऊ शकत नाही. पण जिल्हा आयोगाच्या निकालावर अपिलाची सोय असताना रिट (म्हणजे उच्च न्यायालयात थेट याचिका) घेऊन गेलात तर पहिलाच प्रश्न येतो, 'राज्य आयोगात का गेला नाहीत?' ग्राहक कायद्यात अपिलाची सोय असताना उच्च न्यायालयांनी अशा याचिका घेऊ नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्येच म्हटले आहे. अपवाद आहेत. आयोगाला मुळात अधिकारच नव्हता किंवा नैसर्गिक न्याय सरळसरळ डावलला गेला, तर उच्च न्यायालय दखल घेऊ शकते. 'निकाल अन्यायकारक आहे' हे म्हणणे त्या अपवादांत बसत नाही, ते अपिलाचे कारण आहे. रिट परत घ्यावी लागते तोवर ४५ दिवस कधीच उलटलेले असतात.

आपल्या दोन्ही जिल्ह्यांत हा वाद पतसंस्थांच्या प्रकरणांतून जास्त ओळखीचा झाला. ठेवीदाराने पतसंस्थेबरोबर संचालकांनाही जाबदार केले, आयोगाने सर्वांना मिळून पैसे द्यायला सांगितले, आणि संचालक म्हणू लागले की सहकार कायद्याच्या कलम ८८ खाली चौकशी होऊन जबाबदारी ठरल्याशिवाय आम्हाला व्यक्तिशः धरता येत नाही. हा प्रश्न उच्च न्यायालयापर्यंत गेलेला आहे आणि संचालकांच्या बाजूनेही निकाल आहेत. म्हणून ठेवीदारांना माझे सांगणे असे: संस्थेवर कलम ८८ ची कारवाई झाली आहे का, हे उपनिबंधक कार्यालयातून माहिती अधिकारात काढा आणि अहवाल असेल तर त्याची नक्कल फाइलला लावा. संचालक अपिलात किंवा उच्च न्यायालयात गेले तर तुमची बाजू बरीचशी त्या कागदावर तोलली जाईल.

उच्च न्यायालयाचा दरवाजा सरळ उघडतो तो राष्ट्रीय आयोगाने अपिलात दिलेल्या निकालानंतर. अशा निकालाला अनुच्छेद २२७ खाली आव्हान देता येते, असे इब्रत फैजान प्रकरणात २०२२ मध्ये ठरले. थेट सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिका घेऊन जाणाऱ्यांनाही २०२३ मध्ये आधी उच्च न्यायालयात जायला सांगितले गेले. राष्ट्रीय आयोगाचे कार्यालय दिल्लीत आहे म्हणून दिल्ली उच्च न्यायालयात जावे लागत नाही. वाद जिथे उभा राहिला तिथले उच्च न्यायालय बघायचे, म्हणजे आपल्यासाठी मुंबई उच्च न्यायालय. आणि १८ ऑगस्ट २०२५ पासून त्याचे सर्किट बेंच (मुख्य ठिकाणाबाहेर बसणारे पीठ) कोल्हापुरात सुरू झाले आहे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्याकडे आहेत. ज्या तारखेसाठी आदल्या रात्री मुंबईची गाडी धरावी लागायची, तिथे मिरजेचा माणूस आता सकाळी निघून संध्याकाळी घरी येतो. या बेंचसाठी इथल्या वकिलांनी आणि पक्षकारांनी अनेक दशके लढा दिला, त्याचा फायदा साध्या ग्राहकाला झाला पाहिजे असे मनापासून वाटते.

अनुच्छेद २२७ खाली न्यायालय देखरेख करते, अपील ऐकत नाही. तिथे साक्षीपुरावे पुन्हा तोलले जात नाहीत. अधिकाराबाहेर जाऊन दिलेला आदेश, एका बाजूचे न ऐकता दिलेला आदेश, किंवा कोणताही समंजस माणूस त्या कागदांवरून काढणार नाही असा निष्कर्ष, यांपैकी काहीतरी दाखवावे लागते. याचिका स्वच्छ आणि छोटी ठेवा. तुम्ही जिंकलेले असाल आणि विरुद्ध पक्ष कोल्हापूरला जाईल अशी शंका असेल तर कॅव्हेट, म्हणजे 'आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका' असा अर्ज, दाखल करून ठेवा. ते ९० दिवस चालते आणि तुम्हाला न कळवता स्थगिती मिळण्याची भीती कमी होते.

राष्ट्रीय आयोगात मूळ तक्रारच दाखल झाली असेल, म्हणजे वस्तू किंवा सेवेसाठी दिलेला मोबदला दोन कोटींच्या वर असेल, तर त्या निकालावर थेट सर्वोच्च न्यायालयात ३० दिवसांत अपील होते. आपल्यापैकी फार थोड्यांना त्याची गरज पडेल. दिवाणी न्यायालयात दावा लावून आयोगाचा आदेश रद्द करून घ्यावा, असा सल्ला कोणी दिला तर तो मनावर घेऊ नका.

जिंकल्यावरही लक्ष हवे

तुमच्या बाजूने आदेश आहे, विरुद्ध पक्ष अपिलात गेला आहे, पण स्थगिती नाही. अशा वेळी वाट बघत बसू नका. कलम ७१ खाली वसुलीची दरखास्त (आदेशाच्या अंमलबजावणीचा अर्ज) दाखल करा, ती दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखी चालते. कलम ७२ खाली दंडात्मक दरखास्तही करता येते. त्यात एक महिन्यापासून तीन वर्षांपर्यंत कैद, किंवा २५ हजारांपासून एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतात. या शिक्षेच्या आदेशावरचे अपील ३० दिवसांत करावे लागते. विरुद्ध पक्षाने भरलेली ५० टक्के रक्कम अपिलाचा निकाल तुमच्या बाजूने लागल्यावर उचलण्यासाठी अर्ज द्यावा लागतो, ती आपोआप खात्यात येत नाही.

वकिलाची फी परवडत नसेल तर सांगली आणि सातारा दोन्हीकडे जिल्हा न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय आहे. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळू शकतो. इतर बहुतेकांना उत्पन्नाचा दाखला लागतो. तो काढायला तहसीलमध्ये दिवस जातात, म्हणून निकालाची नक्कल मागाल त्याच दिवशी त्याचाही अर्ज टाका.